घेर कुठे धरायचा?

जनावराचं वजन काढायला काटाच लागतो असं नाही, टेपही पुरते. पुढच्या पायांच्या लगेच मागून छातीचा घेर घ्यायचा, इंचात. त्याचा वर्ग करायचा, खांद्याच्या टोकापासून पुठ्ठ्याच्या टोकापर्यंतच्या लांबीनं गुणायचं आणि ६६० नं भागायचं. किलोत वजन हातात. सांगली जिल्ह्यात पशुधन पर्यवेक्षक म्हणून नोकरी झाली, तेव्हा हे सूत्र इतक्या गोठ्यांत वापरलं की पुढे पुढे टेप खिशातून निघेनाशी झाली. म्हैस दावणीला बांधून होईपर्यंत आकडा तयार असायचा, आणि तो काट्यापासून फार लांब नसायचा.

लेक फ्लोरिडात टँपाजवळ असते. निवृत्तीनंतर आम्ही दोघं तिच्याकडे हिवाळा काढायला गेलो. तिकडे बघण्यासारखं पुष्कळ आहे म्हणतात, पण मला त्या उंच पाळण्यांत बसायची हौस नाही हे तिला ठाऊक. एका संध्याकाळी म्हणाली, "आण्णा, तुम्हाला इथलं एक जनावर दाखवते. मॅनेटी. पाण्यात राहतं, गवत खातं आणि तुमच्या म्हशीपेक्षा मोठं असतं."

"मोठं म्हणजे किती?"

"ते तुम्हीच बघून सांगा."

पहिलं दर्शन झालं ते एका वीज केंद्राच्या कुंपणाला लागून. टँपाच्या खाडीवर अपोलो बीच नावाचं गाव आहे. तिथलं केंद्र यंत्रं थंड करायला खाडीचं पाणी आत घेतं आणि कोमट करून एका कालव्यातून परत सोडतं. हिवाळ्यात खाडी गार पडली की मॅनेटी त्या कालव्यात येऊन थांबतात. १९८६ पासून लोकांना बघायला तिथं लाकडी सज्जा बांधून दिलाय, तिकीट नाही. आम्ही गेलो तेव्हा कालवा भरलेला होता, पण दिसत होत्या त्या नुसत्या पाठी. राखाडी, शेवाळलेल्या. मधूनच एखादं नाक वर यायचं, फस्स करायचं आणि बुडायचं. कुठलं नाक कुठल्या पाठीचं, याचा मेळ लागेना. वजनाचा अंदाज करायला निदान एक अख्खं जनावर दिसायला हवं ना!

सज्ज्यावरच्या फलकानं मात्र मला जास्तच गोंधळात टाकलं. पाणी २० अंश सेल्सिअसच्या खाली गेलं आणि मॅनेटीला बरेच दिवस त्यात राहावं लागलं तर ती आजारी पडते, मरतेही. वीस! वीस अंशांना आमच्या आटपाडीत कुणी स्वेटर काढत नाही. आमच्या धंद्यातला साधा हिशेब असा की थंडी आधी करडाला बाधते, मग वासराला, आणि मोठ्या जनावराला सगळ्यांत शेवटी. अंग जितकं मोठं, तितकी आतली ऊब टिकून राहते. व्हेल मासे तर बर्फाच्या पाण्यात राहतात. मग हे गोल गरगरीत, चरबीनं भरल्यासारखं दिसणारं जनावर वीज केंद्राच्या गरम पाण्याला का चिकटून बसतं? इतक्या मोठ्या देहात भरलंय तरी काय?

लेकीला हे विचारलं. तिनं उत्तर दिलं नाही, क्रिस्टल रिव्हरचं बुकिंग केलं.

क्रिस्टल रिव्हर हे टँपाच्या उत्तरेला दीड तासावरचं लहान गाव. गावाला लागून किंग्ज बे नावाची खाडी, आणि तिच्या तळातून जागोजाग झरे वर येतात. झऱ्यांचं पाणी बारा महिने २२ अंशांच्या आसपास असतं. त्यामुळे थंडीत शेकडो मॅनेटी समुद्रातून आत येतात. कडक हिवाळ्यात तर इथं हजारच्या घरात मोजल्या गेल्यात. माणसांना त्यांच्याबरोबर रीतसर पाण्यात उतरू देणारी अमेरिकेतली ही जवळजवळ एकमेव जागा. उतरायच्या आधी सगळ्यांना बसवून चित्रफीत दाखवतात. हात लावायचा नाही. पाठलाग करायचा नाही. वरून सूर मारायचा नाही. झोपलेलीला उठवायचं नाही, माय-पिल्लाच्या मधे जायचं नाही, खायला-प्यायला द्यायचं नाही. पाण्यावर पालथं पडून राहायचं आणि ती आली तर बघायची. हात न लावता जनावर तपासायचं म्हणजे माझ्यासारख्याला शिक्षाच.

मी पोहायला शिकलो कृष्णेत, पाठीला सुका भोपळा बांधून. इथं त्यांनी अंगाला घट्ट बसणारा रबराचा डगला चढवला आणि मला पुन्हा तो भोपळा बांधल्यासारखं झालं. काही केल्या बुडताच येईना. पाय खाली न्यावे तर आपोआप वर. जानेवारीची सकाळ, हवा चार-पाच अंश, पाण्यावर वाफ. गाईड म्हणजे विशीतली एक मुलगी होती. तिनं हातात फोमचा लांब दांडा दिला आणि खुणेनं सांगितलं, हलू नका.

आणि मग ती आली. आधी दिसलं तोंड, चौकोनी, राठ केसांनी भरलेलं. त्यामागे बारीक डोळा, मण्याएवढा, कडेची कातडी चहूबाजूंनी आवळून मिटणारा. मग अंग सुरू झालं आणि संपेचना. मी खुणा शोधायला लागलो. मान? नाही. तोंडामागे थेट धड. पोळी नाही, वशिंड नाही, खांद्याचं टोक नाही. कान नाही, डोळ्यामागे नुसतं सुईच्या टोकाएवढं भोक. पुढे दोन वल्ही, मागे पायच नाहीत, शेवटी पंख्यासारखी गोल आडवी शेपूट. टेप मनातल्या मनात धरून मी तिच्या समांतर पडून राहिलो. छातीचा घेर धरायचा तर छाती कुठे संपते? वल्ह्यांच्या मागे घेर कमी होण्याऐवजी वाढतच जातो आणि सगळ्यांत जाड ती बेंबीपाशी. आणि लांबी शेपटीच्या टोकापर्यंत धरायची की शेपूट वगळून? माझं ६६० चं सूत्र तिथंच पाण्यात बुडालं. पुढे कळलं की यांचा अभ्यास करणारेसुद्धा लांबी आणि घेरावरूनच वजनाचा अंदाज बांधतात, पण घेर एक घेत नाहीत. वल्ह्यांच्या मागे, बेंबीपाशी, शेपटीच्या मुळाशी, असे निरनिराळ्या ठिकाणचे घेतात.

डोकं वर काढून गाईडला विचारलं. ती म्हणाली, दहा फूट आणि हजार-अकराशे पौंड. म्हणजे तीन मीटर, पाचशे किलोच्या आगेमागे. मला जरा चिडल्यासारखंच झालं. पाचशे किलो म्हणजे आमच्याकडची भरलेली मुऱ्हा म्हैस. डोळ्यांना तर ती दीडपट दिसत होती. पाण्याखाली चष्म्यातून सगळंच मोठं दिसतं, त्यात पाय नाहीत, मान नाही, सगळं वजन एका पिंपात भरलेलं. पण म्हशीपेक्षा मोठी हे लेकीचं म्हणणंही खोटं नाही. पूर्ण वाढलेल्या मोठ्या मादीची लांबी चार मीटरपर्यंत जाते आणि वजन दीड हजार किलोंच्या वर. यांच्यात मादी सहसा नराहून मोठी.

मानेचं कोडं त्याच दिवशी सुटलं. उंदीर असो, जिराफ असो, माणूस असो, सस्तन प्राण्याच्या मानेत मणके सात. मॅनेटीला सहा. जगात हा नियम मोडणारे प्राणी अगदी थोडे, झाडाला उलटे लोंबकळणारे स्लॉथ आणि या मॅनेटी. मान वळवायची तर हिला अख्खं अंग वळवावं लागतं. माझ्याकडे बघताना तिनं तेच केलं. सगळं पिंप सावकाश फिरलं, बारीक डोळा माझ्यावर ठरला, आणि जे पाहिलं त्यात तिला विशेष काही वाटलं नसावं, कारण ते पिंप तितक्याच सावकाश परत फिरलं.

वल्हं जवळून गेलं तेव्हा त्याच्या टोकाला नखं दिसली. तीन होती की चार, नीट मोजता आली नाहीत. चपटी, हत्तीच्या पायाला असतात तशी. तशी म्हणजे खरोखरच तशी. जमिनीवरच्या प्राण्यांत मॅनेटीची जवळची नातलग गाय किंवा म्हैस नव्हे, हत्ती. आणखी एक नातलग म्हणजे आफ्रिकेतला हायरॅक्स, सशाएवढा. हे ऐकल्यावर मला बरं वाटलं. माझी सगळी मापं गाई-म्हशींची, हे जनावर त्या घराण्यातलंच नाही, तर ती लागू पडणार कशी?

त्यापुढचं दृश्य मी आयुष्यभर विसरणार नाही. एक मादी तळाशी निजली होती आणि तिचं पिल्लू अंगाला अंग लावून पोहत होतं, दीड-पावणेदोन मीटरचं. ते एकदम तिच्या वल्ह्याखाली घुसलं आणि तिथंच थांबलं. मला वाटलं खेळतंय. गाईडनं पाण्याखाली बोट दाखवलं आणि मग मला बाहेर काढून सांगितलं: ते पितंय. कास शोधायला मी मागच्या बाजूला बघत होतो. सड दोनच, आणि ते वल्ह्यांच्या काखेत, एकेका बाजूला एकेक. हत्तिणीचेही पुढच्या पायांमध्येच असतात, पण हे तर काखेच्या बेचक्यात! पिल्लू अडकवल्यासारखं दिसत होतं, तरी निवांत पीत होतं, आणि मधेच दोघांपैकी कुणीतरी चिवचिवल्यासारखा बारीक आवाज केला. पाचशे किलोंच्या जनावराचा आवाज असा असावा, हे पटायला मला जड गेलं. माय-पिल्लू एकमेकांशी असंच बोलतात म्हणे.

मॅनेटीचं गाभणपण बारा-तेरा महिने चालतं. एका वेळी एकच पिल्लू, जुळं क्वचित. जन्मतःच ते सुमारे तीस किलोचं आणि चार फूट लांब. आईबरोबर दोन वर्षांपर्यंत राहतं, आणि पुढचं पिल्लू दोन ते पाच वर्षांनी. आमच्याकडे म्हैस दहा महिने दहा दिवसांत विते, आणि दोन वेतांत दीड वर्षाहून जास्त अंतर पडलं की मालक दवाखान्यात येऊन बसतो. हिला कुठलाही गोठेवाला दुसऱ्या आठवडी बाजारात उभी करील. ही गोष्ट मी गमतीनं लिहितोय, पण एखादा वाईट हिवाळा आला आणि माद्या मेल्या की ती तूट भरून यायला किती वर्षं लागत असतील, याचा हिशेब याच आकड्यांतून निघतो.

परत किनाऱ्यावर आल्यावर थरथरत होतो. अंग पुसून गरम कॉफी घेतली आणि एका टेबलापाशी गेलो. तिथं मॅनेटीची हाडं हाताळायला ठेवली होती. मेलेल्या जनावराला हात लावायला बंदी नव्हती. मी बरगडी उचलली आणि चटकन दुसऱ्या हाताचा आधार द्यावा लागला. म्हशीची बरगडी चपटी, हलकी, आतून स्पंजासारखी असते. ही जाड, गोलसर, आणि कापलेल्या टोकाला पाहिलं तर आत पोकळीच नाही. भरीव, हस्तिदंतासारखी. मॅनेटीच्या बरगड्यांत आणि वल्ह्यांच्या हाडांत मगज भरायला जागाच नसते. रक्त तयार करणारा मगज पाठीच्या मणक्यांत आणि उरोस्थीत असतो. मी पाण्यात डगला घालून तरंगत होतो आणि ती काही न करता तळाशी बसत होती, त्याचं कारण हातात होतं.

आणि वर यायचं झालं तर? त्याची सोय दुसरीकडे. माझ्या धंद्यात पोटफुगी झालेल्या जनावराच्या डाव्या भकाळीत ट्रोकार खुपसून वायू बाहेर काढतात, ती जागा डोळे मिटून सापडते. मॅनेटीत त्याच जागी पाठीला लागून फुफ्फुस असतं. हिची फुफ्फुसं छातीत उभी नसतात, पाठीच्या कण्याच्या दोन्ही अंगांना आडवी पसरलेली असतात, जवळजवळ धडाच्या लांबीइतकी, आणि खाली त्यांच्यापासून सगळं पोट वेगळं करणारा पडदा दोन भागांत असतो. म्हणजे वर हवा, खाली आतडी, आणि तोल बरोबर आडवा. वर यायचं असेल तर शेपटी मारायचीसुद्धा गरज पडत नाही, म्हणतात. एका श्वासात ती फुफ्फुसातली जवळजवळ नव्वद टक्के हवा बदलते. आपण साध्या श्वासात दहाच्या आसपास. हालचाल चालू असेल तर तीन-पाच मिनिटांनी वर यावं लागतं, निजलेली असेल तर वीस मिनिटांपर्यंत निभतं. त्या नाकपुड्या मी अगदी जवळून पाहिल्या. वर येताना आधी बंद, पाण्याबाहेर निघताच एकदम उघडणार, फस्स, आणि बुडायच्या आधी पुन्हा झाकण लावल्यासारख्या बंद.

तरीही मूळ प्रश्न तसाच राहिला. मोठं आहे, मान्य. हाडं जड आहेत, मान्य. मग ऊब का नाही?

उत्तराचा एक तुकडा टँपाच्या प्राणिसंग्रहालयात मिळाला. तिथं जखमी आणि आजारी मॅनेटींसाठी दवाखाना आहे आणि काचेतून त्यांना खाताना पाहता येतं. खाद्य म्हणजे लेट्यूसची पानं, पेट्यांवर पेट्या. मी काचेला नाक लावून बसलो. वरचा ओठ मधून दुभंगलेला, आणि दोन्ही भाग वेगवेगळे हलतात. एक भाग पान धरतो, दुसरा आत ढकलतो. ओठावरचे राठ केस पानाला टोचून ओढून घेतात, जणू बोटंच. पुढे दात नाहीत. आमच्या गाईलाही वरच्या जबड्यात पुढचे दात नसतात, तिथं कडक गादी असते, तशी इथं दोन्हीकडे आहे. दाढा मागे. आणि या दाढांनी मला पुरतं घेरलं.

आमच्याकडे वय दातांवर. आदत, दोन दाती, चार दाती, जुळलेली. तोंड उघडलं की जन्मपत्रिका. मॅनेटीची दाढ जबड्यात मागे उगवते आणि गवताबरोबरची वाळू चघळून झिजत झिजत सावकाश पुढे सरकते, आणि पुढे पोचली की गळून पडते. तोवर मागून नवी आलेली असते. हे जन्मभर चालतं. हत्तीच्याही दाढा अशाच पुढे सरकतात, पण त्याच्या वाट्याला सहाच संच. ते संपले की म्हातारा हत्ती उपाशी मरतो. मॅनेटीला तसलं मरण नाही. मग वय ओळखायचं कसं? मेल्यावर, कानातल्या हाडाचा काप करून, त्यातली वलयं मोजून. जिवंतपणी कुणाचं वय पक्कं ठाऊक असेल तर ते बंदिवासात वाढलेलीचं. ब्रॅडेंटन गावच्या वस्तुसंग्रहालयात स्नूटी नावाचा नर होता. १९४८ साली जन्मलेला, २०१७ मध्ये एका अपघातात गेला. त्याचा एकोणसत्तरावा वाढदिवस आदल्याच दिवशी साजरा झाला होता.

पण लेट्यूस. पाण्यातलं गवत काय आणि लेट्यूस काय, बहुतेक पाणीच. अशा चाऱ्यावर पाचशे किलोंचा देह चालवायचा तर तो भरपूर खावा लागतो, रोज वजनाच्या चार ते नऊ टक्के, म्हणजे वीस ते पंचेचाळीस किलो. आणि मग तो नीट आंबवावा लागतो. गाय हे काम पोटाच्या पहिल्या कप्प्यात करते आणि रवंथ करून पुन्हा पुन्हा दळते. मॅनेटी रवंथ करत नाही. ती ते काम मागे, मोठ्या आतड्यात करते, घोड्याप्रमाणे, हत्तीप्रमाणे. हे मोठं आतडं वीस मीटरपर्यंत लांब असतं, आणि चारा त्यात सुमारे आठवडाभर मुरत राहतो. म्हशीच्या पोटातून तो दोन-तीन दिवसांत पार होतो. मला माझा घेर सापडला तो इथं. बेंबीपाशी दिसतं ते सगळं आंबवणाचं पिंप आहे. चरबीचा थर आहे तो बेताचाच, व्हेल किंवा सील यांच्यासारखी जाड रजई हिला नाही. आणि इतक्या सौम्य चाऱ्यावर, इतक्या सावकाश पचनावर आतली चूल मंदच राहणार. त्याच वजनाच्या दुसऱ्या सस्तन प्राण्याच्या मानानं मॅनेटीच्या अंगात ऊब खूपच कमी तयार होते. बाहेर पाणी २२ अंश, तर ठीक. अठरा झालं की चूल पुरत नाही. खाणं सुटतं, आतडं थांबतं, कातडीवर पांढरट चट्टे उठतात आणि इतर रोग शिरतात. २०१० च्या कडाक्याच्या थंडीत फ्लोरिडात त्या वर्षी साडेसातशेहून जास्त मॅनेटी मेल्या, त्यांतल्या कितीतरी नुसत्या गारठ्यानं. म्हणून ते वीज केंद्र, आणि म्हणून ते झरे. एखादं जुनं केंद्र बंद करायची वेळ आली की तिथली माणसं आधी मॅनेटींची काळजी करतात, हे ऐकून मी हसलो होतो. आता हसणार नाही.

गाईडनं मला विचारलं होतं, तुम्ही भारतातले ना, मग तुमच्याकडे मॅनेटीचा नातलग डुगाँग आहे की. आहे, पण आमच्या कोकण किनाऱ्याला नाही. कच्छचं आखात, तमिळनाडूतलं मन्नारचं आखात आणि पाल्कचा उपसागर, अंदमान-निकोबार, एवढ्याच ठिकाणी आता थोडेफार उरलेत. शेपूट मॅनेटीसारखी गोल नाही, माशासारखी दुभंगलेली. २०२२ मध्ये तमिळनाडूनं पाल्कच्या उपसागरात ४४८ चौरस किलोमीटरचं क्षेत्र त्यांच्यासाठी राखलं. या घराण्यातला सगळ्यांत मोठा प्राणी, स्टेलरची समुद्रगाय, आठ मीटरच्या आसपास लांब. १७४१ साली बेरिंगच्या मोहिमेतल्या स्टेलरनं ती पाहिली, आणि सत्तावीस वर्षांत माणसांनी ती खाऊन संपवली.

किंग्ज बेमध्ये मी जेवढ्या मॅनेटी नीट पाहिल्या, त्यांतल्या बहुतेकींच्या पाठीवर वण होते. सरळ, एकामागे एक, सारख्या अंतरावर. बोटीच्या पंख्याचे. काही जुने, पांढरे पडलेले. एकीच्या शेपटीचा लचकाच गेलेला. आमच्याकडे आता प्रत्येक गाई-म्हशीच्या कानात बारा आकड्यांचा पिवळा बिल्ला असतो. हिला कान नाही, बिल्ला मारायचा कुठे? संशोधक या वणांचे फोटो ठेवतात आणि त्यांवरूनच एकेक जनावर वर्षानुवर्षं ओळखतात. क्वचित शेपटीच्या मुळाशी पट्टा बांधून त्याला उपग्रहाचं यंत्र जोडतात. खाडीत बोटींना वेगाच्या मर्यादेच्या पाट्या आहेत. तरी एक बोट त्या पाटीसमोरूनच पाणी उडवत गेली. तिकडेही पाट्यांचं तसंच आहे तर!

चाऱ्याची गोष्ट मात्र मला जिव्हाळ्याची वाटली. फ्लोरिडाच्या पूर्व किनाऱ्यावर इंडियन रिव्हर नावाची लांबलचक खारी खाडी आहे. शेतांतलं आणि गावांतलं खत-सांडपाणी वर्षानुवर्षं तिच्यात जिरलं, शेवाळ माजलं, ऊन तळापर्यंत पोचेना आणि समुद्रगवत मेलं. २०२१ मध्ये राज्यात ११०० च्या आसपास मॅनेटी दगावल्या, त्यांतल्या कितीतरी चक्क उपासमारीनं. फ्लोरिडातल्या मॅनेटींची एकूण संख्या आठ ते बारा हजारांच्या दरम्यान धरतात, तेव्हा हा आकडा किती मोठा ते बघा. मग एरवी खायला देणाऱ्याला दंड करणाऱ्या सरकारनं त्या हिवाळ्यात कॅनाव्हरलजवळच्या एका वीज केंद्रापाशी स्वतःच खायला घातलं. दोन लाख पौंडांहून जास्त, म्हणजे नव्वद टनांवर लेट्यूस. पुढच्या हिवाळ्यात जवळजवळ दुप्पट, मग गवत थोडं सावरल्यावर बंद. मी २०१३ च्या दुष्काळात चारा छावण्यांवर ड्यूटी केली आहे. कुठल्या जनावराला किती पेंढ्या, कुणाच्या नावावर, किती हजर, किती आजारी, सगळं रजिस्टर. इथं जनावरं आपल्या पायांनी, म्हणजे वल्ह्यांनी येणार आणि जाणार, कुणाच्या मालकीची नाहीत. मुद्दाम खुराक द्यायचा, तोही त्यांना माणसाच्या हाताची सवय न लावता. छावणी चालवणाऱ्या कुणालाही विचारा, ही अट किती अवघड.

क्रिस्टल रिव्हरला त्याच रोगावर दुसरा इलाज केलाय आणि तो मला जास्त पटला. खाडीच्या तळावर शेवाळाची दाट गोधडी साचली होती. ती पंपांनी ओढून काढली आणि मोकळ्या तळावर गोड्या पाण्यातलं गवत हातानं लावलं. लावलं की मॅनेटी ते मुळासकट उपटणार हे उघडच होतं, म्हणून प्रत्येक तुकड्यावर जाळीचे पिंजरे पालथे घातले. परत येताना बोटीतून गाईडनं खाली दाखवलं. काही पिंजरे अजून होते, बाकीचे काढून नेलेले. काढलेल्या जागी गवत हातभर वाढून प्रवाहाबरोबर एका दिशेनं झुकलं होतं, आणि त्याच्या कडेला दोघीजणी शेंडे खुडत होत्या, मुळाला धक्का न लावता. आमच्या कुरणांत मोकळ्या सोडलेल्या जनावरांकडून एवढी शिस्त मी कधी पाहिली नाही. गाईडला तसं म्हटलं, तर ती म्हणाली, शिस्त नाही हो, मुळं आता घट्ट धरलीत, उपटायला जड जातात.